नेडिरच्या दिवसांतला ताप

केमोच्या डे-केअरमध्ये आम्हा सिस्टरांना पेशंट भेटतो तो त्याच्या बऱ्या दिवसांत. बाहेरच्या माणसाला हे पटत नाही. खुर्चीत टेकलेला माणूस, हाताला सुई, वर टांगलेली बाटली, शेजारी मान खाली घालून बसलेले नातेवाईक, हे पाहिलं की वाटतं, याचा सर्वांत अवघड दिवस हाच. पण त्या सकाळी त्याची सीबीसी, म्हणजे रक्तातल्या पेशींची मोजणी, आम्ही पाहिलेली असते, आणि पांढऱ्या पेशी पुरेशा असल्याशिवाय औषध लावलेलंच नसतं. पेशी तळाला जातात त्या तो घरी पोचल्यावर, आठवडा-दीड आठवड्याने. तेव्हा तो स्वयंपाकघरात असतो, रानात असतो, कुणाच्या बारशाला गेलेला असतो, आणि आमच्यापैकी कुणीही त्याच्याजवळ नसतं. त्या तळाला डॉक्टर नेडिर म्हणतात. फाइलवर 'नेडिर सीबीसी' असं लिहून पुढे तारीख टाकतात, आणि त्या तारखेच्या आसपासचे दिवस हीच माझ्या कामातली खरी काळजी असते.

मी सोलापुरातल्या एका रुग्णालयात हे काम करते. आषाढी एकादशीच्या एका रात्रीबद्दल लिहिते आहे, पण त्याआधी पेशी खाली का जातात ते सांगायला हवं. ते कळल्याशिवाय त्या रात्रीची घाई कळणार नाही.

केमोची बरीचशी औषधं भराभर दुणावणाऱ्या पेशींवर घाव घालतात. गाठीतल्या पेशी तशा असतात, केसांच्या मुळाशी असतात, तोंडाच्या आतल्या अस्तरात असतात आणि हाडांच्या मगजात असतात. रक्त तयार होतं ते या मगजात. तांबडी पेशी एकदा बाहेर पडली की साधारण 120 दिवस टिकते, प्लेटलेट आठ-दहा दिवस. जंतूंशी सगळ्यात आधी भिडणारी पांढरी पेशी, न्यूट्रोफिल, रक्तात जेमतेम काही तास ते दिवसभर राहते. म्हणजे तिचा पुरवठा रोजच्या रोज लागतो. केमोच्या दिवशी मगजातलं नवं उत्पादन थांबतं, पण आधी तयार होऊन बसलेल्या पेशींचा साठा कणगीतल्या धान्यासारखा आठवडाभर पुरतो. म्हणून पहिले काही दिवस रिपोर्ट चांगले येतात, आणि उलटीसाठी दिलेल्या स्टिरॉइडमुळे तर कधी आकडे फुगलेलेही दिसतात. मग साठा संपतो. दहाव्या ते चौदाव्या दिवसाच्या सुमारास आकडा तळ गाठतो. एवढ्यात मगजातल्या झोपलेल्या मूळ पेशी, ज्या दुणावत नसल्यामुळे औषधातून वाचलेल्या असतात, कामाला लागतात आणि तिसरा आठवडा संपेपर्यंत गाडी रुळावर येते. एकवीस दिवसांची सायकल, म्हणजे एका केमोपासून पुढच्या केमोपर्यंतची फेरी, ठरली ती यावरून.

सगळ्या औषधांचा तळ एकाच दिवशी येतो असंही नाही. डोसिटॅक्सेलचा आठव्या दिवसाच्या सुमारास येतो. कार्बोप्लॅटिनचा तिसऱ्या आठवड्यापर्यंत लांबतो. मेंदूच्या गाठींसाठी देतात त्या लोमुस्टिनचा तर चार ते सहा आठवड्यांनी, म्हणून ते औषध सहा आठवड्यांच्या अंतराने देतात. औषध बदललं की कॅलेंडरवरच्या खुणा बदलतात, आणि त्या पेशंटला नव्याने समजावून सांगाव्या लागतात.

त्या वर्षी आमच्याकडे मंगळवेढ्याच्या बाजूच्या एका गावातून एक बाई उपचाराला येत होत्या. जिल्हा परिषदेच्या शाळेत भूगोल शिकवायच्या, म्हणून आम्ही सगळे त्यांना मॅडमच म्हणायचो. वय पंचेचाळिशीच्या आसपास. डाव्या स्तनाची गाठ, शस्त्रक्रिया झालेली, काखेतल्या गाठीही काढलेल्या. पुढे डॉक्सोरुबिसिन आणि सायक्लोफॉस्फामाइडच्या चार सायकल ठरल्या होत्या. डॉक्सोरुबिसिन म्हणजे ते लाल औषध, ज्यामुळे दुसऱ्या दिवसापर्यंत लघवीही लाल होते आणि आधी सांगितलं नसेल तर माणूस घाबरून जातो.

पहिल्या केमोआधी मी नेहमीप्रमाणे त्यांना आणि त्यांच्या मालकांना समोर बसवून नियम सांगत होते. आठव्यापासून चौदाव्या दिवसापर्यंत जपायचं, हे दिवस नेडिरचे, असं म्हटल्यावर बाईंनी मान वर केली.

"सिस्टर, नेडिर? हा शब्द तुमच्याकडेपण आहे?"

मी म्हटलं, "हो. पेशी सगळ्यात कमी होतात तो दिवस."

"आमच्याकडे तो आकाशातला बिंदू आहे," त्या म्हणाल्या, आणि पर्समधून पेन काढून माझ्याच माहितीपत्रकाच्या पाठीवर त्यांनी एक वर्तुळ काढलं.

त्यांनी पुढची दहा मिनिटं मला जे शिकवलं ते मी विसरलेली नाही. आपण जिथे उभे आहोत तिथे बरोबर डोक्यावर आकाशात जो बिंदू, तो खस्वस्तिक. इंग्रजीत झेनिथ. आणि त्याच रेषेत पायाखाली, पृथ्वीच्या आरपार, आकाशगोलाच्या दुसऱ्या बाजूला जो बिंदू, तो अधःस्वस्तिक. तोच नेडिर. गवंडी ओळंबा सोडतो तेव्हा त्याची दोरी दाखवते ती दिशा नेडिरची. सोलापुरातून हा ओळंबा पृथ्वीतून पार नेला तर तो प्रशांत महासागरात, ईस्टर बेटाच्या उत्तरेला बाहेर पडेल. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात आपल्याकडे सूर्य भर दुपारी डोक्यावर येतो आणि सावली नाहीशी होते, हा शून्य सावलीचा दिवस त्या मुलांना शाळेच्या मैदानावर काठी उभी करून दाखवायच्या. आणि नोव्हेंबरच्या मध्यावर, मध्यरात्री, तोच सूर्य आपल्या बरोबर पायाखाली असतो. तेव्हा तो नेडिरला असतो. उपग्रहवाले हाच शब्द वापरतात: उपग्रहाच्या थेट खालचा जमिनीवरचा बिंदू त्याचा नेडिर, तिथलं चित्र सर्वांत नीट येतं आणि बाजूला कॅमेरा वळवला की चित्र ताणलं जातं.

"पण यात एक लक्षात घ्या," त्या म्हणाल्या. "नेडिर प्रत्येकाचा वेगळा. मी इथे आणि तुम्ही पंढरपुरात, तर दोघींचा नेडिर एक नाही. जिथे उभं राहाल तिथून तो ठरतो."

हे ऐकून मला फार बरं वाटलं, कारण मी पेशंटना नेमकं तेच सांगायला धडपडत असते. शेजारच्या खुर्चीतल्या बाईंना काही झालं नाही म्हणून तुम्हाला होणार नाही असं नाही. औषध तेच, दिवस तोच, तरी कुणाचा आकडा हजारावर थांबतो आणि कुणाचा शंभरावर. वय, आधीचं पोषण, आधी झालेलं रेडिएशन, यकृत-मूत्रपिंड कसं चालतं, कितवी सायकल आहे, या सगळ्यावरून तो ठरतो.

मॅडमनी घरी जाऊन आलेख कागदावर एकवीस चौकटी आखल्या. आठ ते चौदा लाल पेन्सिलीने रंगवल्या. उभ्या अक्षावर पेशींचा आकडा. पहिल्या सायकलला बाराव्या दिवशी त्यांचे न्यूट्रोफिल नऊशेच्या घरात आले, ताप नाही, काही नाही, आणि एकविसाव्या दिवशी सगळं जागेवर. घरातली माणसं निर्धास्त झाली. हा निर्धास्तपणा मला कधीच आवडत नाही. पहिली वेळ निभावली म्हणून दुसरीही निभावेल असं रक्त मानत नाही.

दुसऱ्या सायकलचा अकरावा दिवस आषाढी एकादशीला आला.

पंढरपूर जवळ असलेल्या गावांत त्या दिवसांत घरं भरलेली असतात. दिंडीबरोबर चालत आलेले नातेवाईक, त्यांच्या ओळखीचे, ओळखीच्यांच्या ओळखीचे. मॅडमच्या सासरी हा रिवाज जुना. त्यांनी त्या वर्षी स्वतःला मागच्या खोलीत ठेवलं होतं, उपवास केला नव्हता, पाणी उकळूनच पीत होत्या. संध्याकाळी हेल्पलाइनचा फोन माझ्याकडे होता. साडेसातच्या सुमारास तो वाजला.

"सिस्टर, मी बोलतेय. सहा वाजता अंग कसंतरी वाटलं म्हणून मोजला, शंभर पॉइंट दोन. आत्ता शंभर पॉइंट आठ. अकरावा दिवस आहे."

"थंडी वाजली?"

"थोडी. दातावर दात नाही वाजले."

"गोळी घेतली?"

"नाही. तुम्ही सांगितलंय, आधी फोन."

मागून त्यांच्या दिराचा आवाज येत होता. गावातल्या डॉक्टरांना बोलावतो, एक इंजेक्शन मारलं की उतरेल, एवढ्या पावसात, एवढ्या गर्दीत रात्रीचं कुठं निघायचं, पावसात भिजलं की येतोच ताप. त्यांचं म्हणणं प्रेमापोटीच होतं. खेड्यात आपण सगळे असंच करतो. मी म्हटलं, फोन भाऊंना द्या.

त्यांना मी जे सांगितलं ते इथेही सांगते, कारण हे प्रत्येक घरात माहीत असायला हवं. साध्या माणसाला जंतुसंसर्ग झाला की त्याच्या खुणा दिसतात. घसा लाल होतो, जखमेत पू होतो, छातीच्या एक्स-रेवर डाग दिसतो. पू म्हणजे जंतूंशी लढून मेलेल्या पांढऱ्या पेशीच. नेडिरला त्या पेशीच नसतात, म्हणून सूज नाही, लाली नाही, पू नाही. संसर्ग रक्तात पसरत असला तरी बाहेरून माणूस बरा दिसतो. ताप ही एकच खूण उरते. पॅरासिटॅमॉल देऊन तीच उतरवली तर कळायला मार्गच राहत नाही. आणि कमरेत इंजेक्शन देऊ नये, कारण पेशी आणि प्लेटलेट कमी असताना सुईच्या जागी गळू किंवा रक्ताची गाठ होऊ शकते.

"म्हणजे ताई, हे साधं नाही?"

"साधं नाही, भाऊ. 100.4 तासभर टिकला किंवा एकदाच 101 झाला की आमच्याकडे ती इमर्जन्सी. आत्ता गाडी काढा. वाटेत थांबू नका."

शेजाऱ्यांची जीप निघाली. वारीच्या दिवसांत रस्ते वळवलेले असतात, पोलीस जागोजागी असतात, पाऊस वेगळाच. मी त्यांना फोनवर सांगून ठेवलं की कुणी अडवलं तर फाइलचं पहिलं पान दाखवा, त्यावर डॉक्टरांची सही-शिक्क्याची चिठ्ठी लावलेली असते. मग मी कॅज्युअल्टीत जाऊन तयारी करून ठेवली: रक्तातला जंतू वाढवून ओळखायच्या कल्चरच्या बाटल्या, सीबीसीची ट्यूब, पिपेरॅसिलिन-टॅझोबॅक्टम या अँटिबायोटिकचे साडेचार ग्रॅम, रिंगर लॅक्टेटचं सलाईन. डॉक्टरांना फोन झाला होता. रूम स्वतंत्र हवी म्हणून वॉर्डात बोलून ठेवलं. ही तयारी आधी झाली नाही तर नोंदणी, कागद, बिलिंग यांत सहज तास निघून जातो, आणि दारातून आत आल्यापासून तासाभरात पहिली अँटिबायोटिक रक्तात जायला हवी हा नियम कागदावरच राहतो.

त्या दहाच्या सुमारास पोचल्या. स्वतः चालत आल्या. मला पाहून हसल्या. हेच ते फसवं रूप. ताप 101.6, नाडी 122, बीपी 100 वर 62. डाव्या काखेची शस्त्रक्रिया झाल्यामुळे त्या हाताला सुई टोचायची नव्हती, बीपीचा पट्टाही बांधायचा नव्हता. उजव्या हाताच्या शिरा लाल औषधाने कडक झालेल्या. गरम पाण्याची पट्टी ठेवून, दोन वेगळ्या जागांतून कल्चरचं रक्त काढलं, सलाईन सुरू केलं, आणि रिपोर्टची वाट न पाहता अँटिबायोटिक लावलं. रिपोर्टची वाट पाहायची नसते. अकरावा दिवस आणि ताप एवढी माहिती औषध सुरू करायला पुरेशी असते. घड्याळ पाहिलं तेव्हा त्यांना आत येऊन पंचवीस मिनिटं झाली होती.

मग सीबीसी आली. एकूण पांढऱ्या पेशी 900. त्यांतले न्यूट्रोफिल 12 टक्के. म्हणजे 108. निरोगी माणसात हा आकडा दीड-दोन हजारांच्या वर असतो.

या आकड्यांना अर्थ आला तो 1966 साली. अमेरिकेत जेराल्ड बोडी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ल्युकेमियाच्या पेशंटचे आकडे आणि त्यांना झालेले संसर्ग शेजारी शेजारी मांडून दाखवलं की न्यूट्रोफिल जितके खाली आणि जितके जास्त दिवस खाली, तितका संसर्गाचा धोका वाढत जातो. त्या निबंधाच्या चार लेखकांत वाय. एस. साठे हे नाव आहे. ते पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला आपल्या घरातलं कुणी तिथे असल्यासारखं वाटलं होतं. आज आम्ही पाचशेच्या खालचा आकडा लाल शाईने लिहितो आणि शंभराच्या आसपास आला की रात्रभर बसतो, त्याचं मूळ त्या कामात आहे.

अकराच्या पुढे बीपी 82 वर 50 आलं. अर्धा तास आधी गप्पा मारणाऱ्या बाई डोळे मिटून पडल्या, हाक मारली की फक्त हुंकार. हात-पाय मात्र गरम होते. डॉक्टर उशाशी होते. सलाईन दाबून सोडलं, अर्धा लिटर, मग परत अर्धा. बीपी वर आणणाऱ्या नॉरअ‍ॅड्रिनॅलिनचा पंप जोडून तयार ठेवला. लघवीवर लक्ष ठेवायला नळी घातली नाही, कारण अशा वेळी नळीनेच नवा संसर्ग आत जाऊ शकतो, भांड्यात मोजली. मालक दारात उभे होते. त्यांना काय चाललंय ते मी दर थोड्या वेळाने सांगत होते, बरं-वाईट दोन्ही. बाहेरच्या माणसाला अंधारात ठेवलं की तो जास्त घाबरतो हे मी अनुभवाने शिकले आहे.

एक वाजता 94 वर 58. दोन वाजता 98. पंप लागला नाही.

पहाटे चारला ताप 99 वर आला आणि मालक म्हणाले, "उतरला की!" मी त्यांना खाली बसवलं. माणसाच्या शरीराचं तापमान दिवसभरात वर-खाली होतं आणि पहाटे चार-पाचच्या सुमारास ते सर्वांत खाली असतं. तोही एक नेडिरच, रोजचा. त्या वेळचा आकडा पाहून सुटकेचा श्वास सोडायचा नसतो. संध्याकाळचा पाहायचा. आणि झालंही तसंच, दुपारनंतर ताप परत शंभरावर गेला. पण बीपी टिकलं होतं.

बाराव्या दिवशी सकाळची सीबीसी: पेशी 700, न्यूट्रोफिल 10 टक्के. सत्तर. मॅडम आता शुद्धीवर होत्या, तोंड आलेलं, आवाज खोल गेलेला. त्यांनी आकडा विचारला. मी सांगितला. त्या म्हणाल्या, "माझा कागद पिशवीत आहे. टिंब द्या."

मी त्यांच्या आलेखावर टिंब दिलं. अक्षाला इतकं चिकटलेलं की रेषेवरच पडलं.

"सिस्टर, हाच नेडिर का?"

राउंडवर डॉक्टर होते. मालकांनीही त्यांच्याकडे पाहिलं. डॉक्टर म्हणाले, "ते मी उद्या सांगेन. कदाचित परवा."

हे उत्तर मालकांना आवडलं नाही, ते त्यांच्या चेहऱ्यावर दिसलं. पण ते खरं उत्तर होतं. आकाशातला नेडिर ओळंबा सोडून लगेच दाखवता येतो. रक्तातला दाखवता येत नाही. पुढचा आकडा वर आल्यावरच मागचा तळ होता असं म्हणता येतं. त्या सकाळी कुणीही, कितीही शिकलेला असो, सत्तर हा तळ आहे की अजून चाळीस, वीस पाहायचे आहेत हे सांगू शकला नसता. म्हणून आकड्याची वाट न पाहता काम करत राहायचं असतं. पेशी वाढवणारं फिल्ग्रास्टिमचं इंजेक्शन, पोटावर कातडीखाली, रात्रीपासून सुरू केलेलंच होतं. दर सहा तासांनी अँटिबायोटिक. दर दोन तासांनी मिठाच्या पाण्याने गुळण्या. मऊ भात, ताक नाही, कोशिंबीर नाही.

दुपारी लॅबचा फोन आला. कल्चरमध्ये ई. कोलाय. दोन्ही बाटल्यांत. आम्ही दिलेल्या औषधाने तो मरतो हेही पुढे कळलं, त्यामुळे औषध बदलावं लागलं नाही.

त्या जंतूचं नाव सांगून मी बाहेर मालकांशी मुद्दाम बोलले. कारण सकाळपासून घरच्या माणसांत कुजबुज चालली होती की पाहुण्यांमुळे झालं, वारकऱ्यांपैकी कुणाला तरी खोकला होता. मॅडमच्या सासूबाई रडत होत्या की मीच सगळ्यांना बोलावलं. ई. कोलाय आपल्या प्रत्येकाच्या आतड्यात राहतो. केमोने आतड्याचं अस्तर पातळ होतं, पहारेकरी पेशी नसतात, आणि आतलाच जंतू रक्तात उतरतो. नेडिरमधले बहुतेक संसर्ग असे आपल्याच अंगातले असतात. हात धुवायचे, गर्दी टाळायची, ते सगळं बरोबरच आहे आणि मी ते सांगतच राहणार. पण कुणा पाहुण्यावर, कुणा म्हाताऱ्या बाईवर हा दोष टाकू नये. सासूबाईंना मी हे दोनदा समजावलं. त्यांना जंतूचं नाव कळलं नसेल, पण रडणं थांबलं.

तेराव्या दिवशी पेशी 1,100. न्यूट्रोफिल मात्र 9 टक्के, म्हणजे नव्व्याण्णव. मालकांना त्यात काहीच दिसलं नाही. पण त्याच कागदावर खाली मोनोसाइट, या दुसऱ्या जातीच्या पांढऱ्या पेशी, 28 टक्के होते आणि ते पाहून डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मगज जागा होतो तेव्हा मोनोसाइट आधी दिसू लागतात, न्यूट्रोफिल त्यांच्या मागून येतात. चौदाव्या दिवशी 420. पंधराव्या दिवशी 1,700 च्या वर. ताप त्याआधीच गेला होता.

तेव्हा डॉक्टर मॅडमच्या कागदावर बोट ठेवून म्हणाले, "हा. बाराव्या दिवशी सकाळी."

मॅडमनी त्या टिंबाखाली तारीख लिहिली.

त्यांच्या समोरच्या खोलीत त्या आठवड्यात एक आजोबा होते, प्रोस्टेटच्या कॅन्सरचे, दुसऱ्या काही कारणासाठी दाखल. मॅडम हिंडू-फिरू लागल्यावर दोघांची ओळख झाली. आजोबांच्या फाइलवरही नेडिर लिहिलेलं होतं आणि मॅडमना वाटलं, यांचेही काउंट पडले. त्यांना सांगितलं की तिथे गोष्ट उलटी आहे. रेडिएशननंतर रक्तातला पीएसए नावाचा आकडा महिनोन् महिने उतरत जातो, आणि तो जितका खाली जाईल तितकं चांगलं. त्याने गाठलेला सर्वांत खालचा आकडा लिहून ठेवतात आणि पुढे कधी तो त्या तळापासून 2 ने वर गेला तर आजार परतला असं धरतात. गाठी मोजतानाही तसंच. सीटी स्कॅनवर गाठी सर्वांत लहान झाल्या होत्या तेव्हाची मापं धरायची आणि त्यांपासून किमान 20 टक्के वाढ झाली की आजार वाढला म्हणायचं. सुरुवातीच्या मापाशी तुलना केली तर वाढ लपून जाते. मॅडमना हे फार आवडलं. आजोबांना त्या म्हणाल्या, "तुमचा तळ असाच खाली राहू दे, बाबा."

तिसऱ्या सायकलला डोस कमी करायचा का, यावर चर्चा झाली. शस्त्रक्रियेनंतरची केमो आजार परतू नये म्हणून असते, तिचा डोस उगाच कापायचा नसतो. म्हणून डोस तोच ठेवला आणि केमोनंतर दुसऱ्या दिवशी पेगफिल्ग्रास्टिमचं एक इंजेक्शन जोडलं. त्याने तळ उथळ होतो आणि लवकर भरून येतो. त्याची किंमत मोठी आहे आणि ते कसं बसवायचं यासाठी आमच्या समाजसेवा विभागाला धावपळ करावी लागली. मॅडमना त्या इंजेक्शनने कंबर आणि मांड्यांची हाडं दोन-तीन दिवस ठणकली. मगज जोरात काम करतो म्हणून ती ठणकतात, हे माहीत असलं की सोसायला सोपं जातं. दोन्ही उरलेल्या सायकल ताप न येता पार पडल्या. पुढे आठवड्याला एक अशी पॅक्लिटॅक्सेल ही दुसरी केमो सुरू झाली, तिच्यात पेशी इतक्या खाली जात नाहीत.

मला या सगळ्यात एक गोष्ट पक्की दिसते आणि ती मी नव्या सिस्टरांना बजावून सांगते. त्या रात्री औषधाने काम केलं, डॉक्टरांनी केलं, पण आधीचं काम मॅडमनी केलं होतं. कितवा दिवस हे त्यांना पाठ होतं. घरात थर्मामीटर होता. गोळी घेण्याआधी त्यांनी फोन केला. दीर समजावत असताना त्या डगमगल्या नाहीत. आमच्याकडे येणाऱ्या कितीतरी घरांत थर्मामीटर नसतो आणि हात लावून ताप पाहतात. कितीतरी बायका स्वतःचा ताप अंगावर काढतात, कारण स्वयंपाक कोण करणार. रात्री उशिरा, बेशुद्ध, दोन दिवसांचा ताप अंगावर घेऊन आलेले पेशंट मी पाहिले आहेत आणि त्यांच्यातले सगळे घरी गेले नाहीत. औषध तेच होतं. उशीर झाला होता, एवढाच फरक.

आता पहिल्या केमोला मी माहितीपत्रक नुसतं हातात देत नाही. मॅडमनी शाळेत करतात तशी एकवीस चौकटींची कोरी पट्टी आखून दिली, तिच्या झेरॉक्स आम्ही प्रत्येक फाइलला लावतो, आणि पेशंटने स्वतः तारखा भरल्याशिवाय सुई काढत नाही. तारखा मला तोंडीही म्हणून दाखवायच्या. गेल्या पावसाळ्यात बार्शीकडच्या एक आजी आल्या होत्या, त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. त्या थोडा विचार करून म्हणाल्या, "म्हंजी पोळ्यापासनं गौरी येस्तवर." मी कॅलेंडर काढून पाहिलं, बरोबर होतं. तेच शब्द मी त्यांच्या पट्टीवर लिहिले, खाली हेल्पलाइनचा नंबर लिहिला आणि तो त्यांच्या नातवाच्या मोबाइलमध्ये माझ्यासमोर भरून घेतला.